गॉलवेचा वकील पॅट्रिक डार्सी : सनद, जमीन आणि संसद

‘वाचकांचे प्रश्न’ या सदरासाठी या वेळी सतराव्या शतकातील आयर्लंडविषयी बरीच पत्रे आली. त्यांतील बहुतेक पत्रांचा रोख पॅट्रिक डार्सी या वकिलाकडे आणि त्याच्या घराण्याकडे असल्यामुळे ती एकत्र घेऊन उत्तरे देत आहोत.

प्रश्न : आयर्लंडला केवळ आयरिश संसदेने केलेले कायदेच बांधतात, हा दावा १६४१ मध्ये पॅट्रिक डार्सी नावाच्या वकिलाने मांडला, असे वाचनात आले. हा डार्सी कोण होता? तो व्यापाऱ्याच्या घरातला होता असेही वाचले. मग तो जमीनदार कसा झाला?
(एक निवृत्त वकील, सातारा)

उत्तर : पॅट्रिक डार्सीचा जन्म १५९८ मध्ये गॉलवे येथे झाला. आयर्लंडच्या पश्चिम किनाऱ्यावरचे हे तटबंदीचे बंदर. येथून कातडी, लोकर आणि चरबी बाहेर जाई आणि स्पेन व फ्रान्समधून दारूची पिंपे येत. त्याचे वडील जेम्स रीवाख डार्सी शहरातील बड्या असामींपैकी होते. १६०२-०३ या वर्षी ते गॉलवेचे महापौर झाले आणि १६०३ मध्येच वारले. पॅट्रिक हा त्यांचा सातवा मुलगा, दुसरी पत्नी एलिझाबेथ मार्टिन हिच्या पोटचा. वडील गेले तेव्हा तो जेमतेम पाच वर्षांचा होता. इंग्रजी कायद्यात जमिनीची वाट थोरल्या मुलाकडे जात असल्यामुळे धाकट्यांनी व्यापार, धर्मसेवा किंवा वकिली यांपैकी एक मार्ग धरायचा, अशी रीत होती. पॅट्रिकने वकिली धरली.

गॉलवेचा कारभार तेव्हा चौदा कुळांच्या हातात होता. लिंच, ब्लेक, मार्टिन, फ्रेंच, ब्राऊन, कर्वन, जॉइस, डार्सी ही त्यांतली काही नावे. बहुतेक कुळे नॉर्मन किंवा इंग्रज मुळाची होती, तर डार्सी आणि कर्वन ही दोन मूळची गेलिक, म्हणजे अस्सल आयरिश. मात्र पॅट्रिकच्या काळापर्यंत हा भेद सोयरिकींत पार मिसळून गेला होता. सगळी कुळे कॅथलिक, सगळी इंग्लंडच्या राजाशी निष्ठा सांगणारी आणि सगळी एकमेकांच्या नात्यातली. पॅट्रिकची आई मार्टिन कुळातली. त्याची पत्नी एलिझाबेथ ही गॉलवेचे एक महापौर सर पीटर फ्रेंच यांची मुलगी. वकिलीत आणि राजकारणात त्याच्या खांद्याला खांदा लावून उभा राहिलेला रिचर्ड मार्टिन हाही चौदा कुळांतलाच. पुढे ज्या ज्या प्रसंगी डार्सीवर संकट आले त्या त्या प्रसंगी हे नात्याचे जाळे त्याच्याभोवती दिसते, म्हणून त्याचे चरित्र एकट्या माणसाचे म्हणून वाचता येत नाही.

आता जमिनीविषयी. गॉलवेच्या व्यापाऱ्यांकडे रोख पैसा होता, तर शहराबाहेरच्या गेलिक सरदारांकडे जमीन भरपूर आणि नाणे दुर्मिळ, अशी स्थिती होती. सरदाराला खंड, दंड किंवा मुलीच्या लग्नासाठी पैसा लागला की तो व्यापाऱ्याकडे येई आणि जमीन ताबेगहाण ठेवी. मुद्दल फिटेपर्यंत जमीन सावकाराच्या ताब्यात राही आणि तिचे उत्पन्न व्याजापोटी तोच घेई. उत्पन्न मुद्दलात वळते होत नसल्यामुळे कर्ज आपोआप कधीच कमी होत नसे. एकरकमी पैसा उभा करणे बहुतेकांना जमत नसे आणि एक-दोन पिढ्यांत गहाणखत खरेदीखतासारखेच होऊन बसे. याच काळात डब्लिनच्या न्यायालयांनी गेलिक वारसापद्धती बेकायदा ठरवल्या. कुळातील ज्येष्ठ व समर्थ पुरुषाकडे सरदारकी जाण्याची पद्धत आणि भाऊबंदांत जमीन पुन्हा पुन्हा वाटण्याची पद्धत या दोन्ही १६०६ ते १६०८ च्या सुमारास रद्द झाल्या. त्यामुळे जमिनीवर हक्क सांगणारे असंख्य भाऊबंद कायद्याच्या नजरेतून पुसले गेले आणि इंग्रजी पद्धतीचा दस्तऐवज ज्याच्या हाती त्याची बाजू भक्कम झाली. असा दस्तऐवज लिहिणारा, तपासणारा आणि न्यायालयात टिकवणारा माणूस घरातच असणे किती मोलाचे, हे व्यापारी कुळांनी ओळखले होते. डार्सीने अशिलांसाठी हे काम केले, तसे स्वतःसाठीही केले आणि गॉलवे ज्यात येते त्या पश्चिमेकडील कॉनॉट प्रांतात गहाणांच्या वाटेने बरीच जमीन मिळवली. गॉलवे परगण्यातील सर्वांत बलाढ्य उमराव, क्लॅनरिकार्डचा अर्ल, याचाही तो कायदेसल्लागार होता.

डार्सीच्या पुढील कर्तृत्वाविषयी मला मनापासून आदर आहे, पण त्याच्या जमिनीखाली दुसऱ्या कुणाची तरी हरवलेली वहिवाट होती, ही गोष्ट सुरुवातीलाच नोंदवून ठेवली पाहिजे.

प्रश्न : त्या काळी आयर्लंडमध्ये कॅथलिकांना सरकारी अधिकारपदे मिळत नव्हती. मग एक कॅथलिक माणूस वकिली करू कसा शकला?
(एक विद्यार्थिनी, कोल्हापूर)

उत्तर : करू शकला, पण वाट वाकडी होती. आयर्लंडमध्ये वकिली करायची तर लंडनच्या विधिसंस्थांमध्ये काही वर्षे राहून शिक्षण घ्यावे लागे. हा नियम १५४२ च्या आयरिश कायद्यानेच घातला होता. त्याप्रमाणे डार्सीने १६१७ मध्ये लंडनच्या मिडल टेम्पलमध्ये प्रवेश घेतला. परत आल्यावर डब्लिनच्या किंग्ज इन्स या वकिलांच्या संस्थेत प्रवेश घ्यायचा असे, आणि तेथे राजा हाच चर्चचा प्रमुख असल्याची शपथ आडवी येई. श्रद्धावान कॅथलिकाला ती शपथ घेणे शक्य नव्हते. त्यामुळे कॅथलिक वकिलांच्या एका पिढीची उमेदीची वर्षे अनिश्चिततेत गेली.

ही कोंडी १६२८ मध्ये थोडी फुटली. स्पेन आणि फ्रान्सशी युद्धात अडकलेल्या इंग्लंडच्या पहिल्या चार्ल्स राजाला पैशाची निकड होती. आयर्लंडच्या जमीनदारांनी वर्षाला ४०,००० पौंड याप्रमाणे तीन वर्षांत १,२०,००० पौंड देण्याचे मान्य केले आणि त्या बदल्यात राजाने ‘ग्रेसेस’ या नावाने प्रसिद्ध असलेल्या ५१ सवलती कबूल केल्या. त्यांत कॅथलिक वकिलांना केवळ राजनिष्ठेची साधी शपथ घेऊन वकिली करता येईल, असे एक कलम होते. डार्सीचा किंग्ज इन्समधील प्रवेश १६२८ चाच आहे, यावरून त्या कलमाचे महत्त्व कळते.

याच सवलतींत दोन कलमे जमिनीविषयी होती आणि त्यांच्याकडे सर्वांचे डोळे लागले होते. साठ वर्षे निर्वेध वहिवाट असलेल्या जमिनीवर राजाने जुना हक्क सांगू नये, हे एक. आणि कॉनॉटमधील जमीनदारांच्या सनदा पक्क्या कराव्यात, हे दुसरे. पैसे भरले गेले. ही दोन्ही कलमे मात्र कधीच कायद्यात उतरली नाहीत.

प्रश्न : कॉनॉटच्या सनदांचा घोळ नेमका काय होता? १६३५ मध्ये गॉलवेच्या ज्यूरीला दंड झाला, असा उल्लेख सापडतो. त्याचा डार्सी घराण्याशी काय संबंध?
(एक वाचक, पुणे)

उत्तर : हा डार्सीच्या आयुष्याचा गाभा आहे, म्हणून याचे उत्तर सविस्तर देतो.

१५८५ मध्ये एलिझाबेथ राणीच्या सरकारने कॉनॉटच्या जमीनदारांशी एक करार केला. त्यांनी जमिनीच्या ठरलेल्या प्रमाणावर वर्षाला दहा शिलिंग सरकारला द्यायचे आणि सरकारने त्यांची मालकी मानायची, असे ठरले. खंड भरला जाऊ लागला. पण मालकीवर शेवटचे शिक्कामोर्तब करणाऱ्या रीतसर सनदा बहुतेकांना मिळाल्या नाहीत. जेम्स राजाच्या काळात जमीनदारांनी पुन्हा जमिनी कागदोपत्री राजाकडे सुपूर्द केल्या, नव्या सनदा घेतल्या आणि त्यासाठी शुल्कही भरले. मात्र डब्लिनच्या दफ्तरात त्यांची नोंद व्हायची ती झाली नाही. नोंद नाही म्हणून सनद अपुरी, आणि सनद अपुरी म्हणून मालकी संशयास्पद. पिढ्यान्‌पिढ्या नांगरलेली जमीन एका न झालेल्या नोंदीमुळे धोक्यात आली. फेरफाराची नोंद रखडल्यामुळे ज्यांनी तहसील कचेरीत खेटे घातले आहेत, त्यांना या जमीनदारांची झोप का उडाली हे वेगळे सांगावे लागणार नाही.

१६३३ मध्ये थॉमस वेंटवर्थ राजाचा प्रतिनिधी म्हणून डब्लिनला आला. त्याला राजाची तिजोरी भरायची होती आणि कॉनॉटमध्ये इंग्रज वसाहतकार आणून बसवायचे होते. त्यासाठी त्याने चारशे वर्षे जुना धागा उकरून काढला. इंग्लंडच्या तिसऱ्या हेन्री राजाने कॉनॉट रिचर्ड डी बर्गो या सरदाराला दिले होते. त्या घराण्याची वारस मुलगी लायनेल या राजपुत्राला दिली गेली. त्या वंशातून हक्क चौथ्या एडवर्ड राजाकडे आणि त्याच्याकडून राजमुकुटाकडे आला. तेव्हा संपूर्ण कॉनॉट मुळात राजाचेच, असा हा दावा होता. १६३५ च्या उन्हाळ्यात वेंटवर्थ स्वतः परगण्या-परगण्यांतून फिरला. रॉसकॉमन, स्लायगो आणि मेयो येथील ज्यूरींनी राजाच्या बाजूने कौल दिला, कारण विरोध केल्यास अधिक जाईल आणि मान्य केल्यास चौथ्या हिश्श्यावर भागेल, असा सगळ्यांचा हिशेब होता.

ऑगस्टमध्ये पाळी गॉलवेची आली. चौकशी भरली ती क्लॅनरिकार्डच्या अर्लच्या पोर्टम्ना येथील वाड्यात, म्हणजे ज्याच्या जमिनीवर गदा येणार होती त्याच्याच घरात. अर्ल इंग्लंडमध्ये होता. ज्यूरीत त्याचे आप्त, आश्रित आणि शेजारचे जमीनदार होते. त्यांनी राजाचा हक्क सिद्ध होत नाही, असा निकाल दिला. वंशावळीतील दुवे कागदपत्रांनी जुळत नाहीत, ही त्यांची कायदेशीर भूमिका होती आणि तिच्यामागे गॉलवेच्या वकिलांची बुद्धी आहे, हे वेंटवर्थने अचूक ओळखले. त्याचा राग तीन ठिकाणी उतरला. ज्यूरीतील सदस्यांना कॅसल चेंबर या डब्लिनच्या विशेष न्यायालयापुढे खेचून प्रत्येकी ४,००० पौंड दंड आणि कैदेची शिक्षा झाली, शिवाय गुडघे टेकून चूक कबूल करण्याची अट. ती ज्यूरी निवडणाऱ्या शेरीफला, म्हणजे परगण्याच्या अधिकाऱ्याला, १,००० पौंड दंड झाला. आणि गॉलवेपुरता राजाचा वाटा चौथ्या हिश्श्याऐवजी निम्मा करावा, असे ठरले.

तो शेरीफ म्हणजे मार्टिन डार्सी, पॅट्रिकच्याच घरातला. १६३६ मध्ये तो कैदेतच वारला. अर्ल त्याआधीच, १६३५ च्या नोव्हेंबरमध्ये, इंग्लंडमध्ये मरण पावला होता आणि वेंटवर्थच्या जाचाने त्याचा अंत जवळ आणला, असे लोक उघड बोलत होते. गॉलवेच्या जमीनदारांनी थेट राजाकडे दाद मागण्यासाठी तीन प्रतिनिधी इंग्लंडला पाठवले. त्यांत पॅट्रिक डार्सी आणि रिचर्ड मार्टिन हे दोन वकील होते. वेंटवर्थच्या आग्रहावरून त्यांनाही अटक झाली. दाद मागायला गेलेल्या वकिलांना कैदी करून परत आणावे, यापरते त्या राजवटीविषयी अधिक काय सांगायचे? अखेर गॉलवेला नमते घ्यावे लागले. प्रत्यक्ष वसाहत मात्र झाली नाही, कारण १६४० नंतर वेंटवर्थचेच दिवस फिरले आणि १२ मे १६४१ रोजी लंडनमध्ये त्याचा शिरच्छेद झाला.

प्रश्न : म्हणजे डार्सीचा १६४१ चा गाजलेला युक्तिवाद हा एका जमीनदाराने आपली जमीन वाचवण्यासाठी केलेला होता, असेच म्हणायचे ना? त्याला स्वातंत्र्याचा उद्‌गार म्हणणे अतिशयोक्ती नाही का?
(एक प्राध्यापक, छत्रपती संभाजीनगर)

उत्तर : आपला प्रश्न रास्त आहे. जमिनीचा संबंध मी नाकारत नाही. उलट तो नाकारल्यास युक्तिवाद समजणारच नाही, असे माझे मत आहे. पण त्यावरून काढलेला निष्कर्ष मला पटत नाही.

१६४१ च्या फेब्रुवारीत आयरिश संसदेच्या कनिष्ठ सभागृहाने न्यायाधीशांना उद्देशून एक प्रश्नावली तयार केली. तिच्यात वीसहून अधिक प्रश्न होते. पहिलाच प्रश्न असा की, या राज्यातील प्रजा ही स्वतंत्र प्रजा आहे की नाही, आणि तिच्यावर इंग्लंडचा सामान्य कायदा (निवाड्यांतून घडलेला ‘कॉमन लॉ’) व या राज्यात अमलात असलेली विधिविधाने यांनीच राज्य करायचे की नाही. पुढचे प्रश्न अधिक टोकदार होते. साध्या कागदी अर्जावर राजप्रतिनिधी आणि त्याचे मंडळ कुणाची जमीन काढून घेऊ शकते काय? शांततेच्या काळात लष्करी कायद्याने माणसे मारता येतात काय? मक्तेदाऱ्या कायदेशीर आहेत काय? आणि पुराव्याप्रमाणे निकाल देणाऱ्या ज्यूरीला कॅसल चेंबरमध्ये शिक्षा करता येते काय? हा शेवटचा प्रश्न वाचताना पोर्टम्नाचे नाव कुणी घेण्याची गरज नव्हती.

न्यायाधीशांनी मे महिन्यात उत्तरे दिली, ती बहुतांशी अंग चोरून. हे राजाच्या विशेषाधिकाराचे प्रश्न आहेत, आमच्यासमोर खटला नाही, अशा सबबी त्यांत होत्या. त्यावर ९ जून १६४१ रोजी डब्लिन किल्ल्यातील भोजनगृहात दोन्ही सभागृहांची परिषद भरली आणि कनिष्ठ सभागृहाच्या वतीने डार्सी उभा राहिला. त्याने प्रश्न एकेक करून घेतले. प्रत्येकासाठी मॅग्ना कार्टा या १२१५ च्या हक्कांच्या सनदेपासूनची विधिविधाने, जुने निवाडे आणि आयरिश संसदेच्या नोंदी मांडल्या आणि न्यायाधीशांची उत्तरे कुठे अपुरी आहेत ते दाखवले. त्याच्या मांडणीचा कणा असा होता की आयर्लंड हे स्वतःची संसद असलेले राज्य आहे, म्हणून इंग्लंडच्या संसदेने केलेला कायदा आयरिश संसदेने स्वीकारल्याखेरीज येथे लागू होत नाही. राजा एकच, पण राज्ये दोन.

या जागी जमिनीचा मुद्दा पुन्हा घेतो. डार्सीला केवळ स्वतःची जमीन वाचवायची असती, तर वेंटवर्थ गेल्यानंतर नव्या राजप्रतिनिधीकडून खासगी सनद पदरात पाडून घेणे हा सोपा मार्ग त्याच्यासमोर होता आणि त्याच्या धंद्यातल्या अनेकांनी तसेच केले असते. त्याने तसे केले नाही. आपल्या घराण्यावर जे बेतले ते एका दुष्ट अधिकाऱ्याच्या स्वभावामुळे बेतले असे न मानता, अधिकाऱ्याला तसे करू देणारी जी पोकळी कायद्यात होती ती त्याने शोधली. सनद नोंदवली नाही म्हणून जमीन जाते, ज्यूरी न ऐकणारी म्हणून कैदेत जाते आणि वकील दाद मागतो म्हणून तोही कैदेत जातो. या तिन्ही गोष्टींना जोडणारे कारण एकच होते. आयर्लंडमध्ये शेवटचा शब्द कुणाचा, हे कुठेच पक्के ठरलेले नव्हते. तो शब्द आयरिश संसदेचा आणि सामान्य कायद्याचा असला पाहिजे, असे तो म्हणाला. स्वार्थातून निघालेला विचार स्वार्थापाशीच थांबतो असा नियम नाही, आणि हा विचार थांबला नाही.

मर्यादाही सांगतो. डार्सीच्या ‘स्वतंत्र प्रजे’त जमीन गहाण पडलेला गेलिक कुळवाडी ठळकपणे दिसत नाही. त्याची संसद ही जमीनदारांची, वकिलांची आणि शहरी कुळांची संसद होती. सतराव्या शतकातील इंग्लंडच्या संसदेविषयीही हेच म्हणावे लागेल, पण ज्या देशात भूमिहीन होणारे आणि जमीन मिळवणारे शेजारी शेजारी राहत होते तेथे ही उणीव अधिक बोचते.

युक्तिवादाचा परिणाम मात्र लांबवर गेला. तो १६४३ मध्ये वॉटरफर्ड येथे कॉन्फेडरेट कॅथलिकांचा (१६४२ मध्ये किलकेनीला स्वतःचे शासन उभारणाऱ्या कॅथलिकांचा) मुद्रक थॉमस बर्क याने छापला. १६९८ मध्ये विल्यम मॉलिन्यू या प्रॉटेस्टंट विद्वानाने आयर्लंडच्या संसदेची बाजू मांडणारा आपला प्रसिद्ध ग्रंथ प्रकाशित केला, तेव्हा तोच धागा पुढे चालला. एका कॅथलिक वकिलाची मांडणी अर्ध्या शतकानंतर प्रॉटेस्टंटांच्या हक्काची भाषा व्हावी, हे मला त्या मांडणीच्या ताकदीचे सर्वांत भक्कम प्रमाण वाटते. ब्रिटिश संसदेने १७२० मध्ये कायदा करून हा दावा फेटाळला आणि १७८२ मध्ये तो कायदा मागे घ्यावा लागला.

प्रश्न : किलकेनीच्या कॅथलिक कॉन्फेडरेशनची घटना डार्सीने लिहिली, हे खरे का?
(एक वाचक, नागपूर)

उत्तर : कॉन्फेडरेशनच्या शासनपद्धतीचा आराखडा त्यानेच केला, असे परंपरेने मानले जाते आणि आराखड्याची भाषा वाचताना ते पटते. ऑक्टोबर १६४१ मध्ये अल्स्टर या उत्तरेकडील प्रांतात कॅथलिकांचा उठाव झाला आणि काही महिन्यांत तो देशभर पसरला. २४ ऑक्टोबर १६४२ रोजी किलकेनी येथे कॅथलिकांची सर्वसाधारण सभा भरली. राजाच्या आज्ञेशिवाय संसद भरवणे हा राजद्रोह ठरला असता, म्हणून तिला संसद म्हणायचे नाही, पण रीती मात्र संसदेच्या ठेवायच्या, असा मार्ग वकिलांनी काढला. सभापतीच्या जागी निकलस प्लंकेट हा वकील होता. संसदेत न्यायाधीश ज्या लोकरीच्या आसनांवर बसत, त्यांच्या जागी एका साध्या तिवईवर पॅट्रिक डार्सी बोडक्या डोक्याने बसला होता, असे वर्णन समकालीन कागदांत आहे. आराखड्यात मॅग्ना कार्टा, सामान्य कायदा आणि आयर्लंडची विधिविधाने कॅथलिक धर्माला बाधा आणत नसतील तेथवर पाळावीत असे म्हटले होते, आणि चार प्रांतांतून निवडलेल्या चोवीस जणांच्या सर्वोच्च मंडळाकडे दैनंदिन कारभार दिला होता. डार्सी त्या मंडळावर होता.

पुढची सात वर्षे त्याने मुख्यतः राजाचा प्रतिनिधी ऑर्मंड याच्याशी तह घडवण्यात घालवली. १६४६ च्या तहासाठी वाटाघाटी करणाऱ्यांत तो होता. पोपचा दूत रिनुचिनी याला तो तह अपुरा वाटला. कॅथलिक चर्चला उघडपणे मंदिरे, उत्पन्न आणि अधिकार मिळाले पाहिजेत, अशी त्याची मागणी होती आणि त्याने तह मानणाऱ्यांना धर्मबहिष्कृत केले. कॅथलिक म्हणून आयुष्यभर अडवणूक सोसलेल्या माणसांवर त्यांच्याच धर्माने बहिष्कार घालावा, हा प्रसंग फार दुःखद आहे. डार्सीसारख्यांचा जीव धर्मावर होता यात मला शंका नाही. परंतु पूर्वी चर्चच्या असलेल्या सर्व जमिनी परत द्या, हे टोक गाठले गेले तर मठांच्या जप्त जमिनी विकत घेतलेली कॅथलिक घराणीही बुडणार होती, आणि हेही त्यांना कळत होते. दुसरा तह जानेवारी १६४९ मध्ये झाला, पण तोवर फार उशीर झाला होता. त्याच महिन्यात लंडनमध्ये राजाला वधमंचावर नेऊन त्याचे मस्तक उडवण्यात आले आणि ऑगस्टमध्ये इंग्लंडच्या संसदेचा सेनापती क्रॉमवेल फौजेसह डब्लिनला उतरला.

प्रश्न : क्रॉमवेलनंतर डार्सीचे आणि त्याच्या वंशाचे काय झाले?
(एक वाचक, पणजी)

उत्तर : गॉलवे हे शरण जाणारे आयर्लंडमधील शेवटचे मोठे शहर. एप्रिल १६५२ मध्ये ते पडले आणि चौदा कुळांची सद्दी संपली. शहरातील कॅथलिकांना घरे सोडावी लागली, शहराचा कारभार पाहणारे कॉर्पोरेशन प्रॉटेस्टंटांकडे गेले. डार्सीचीही जमीन जप्त झाली. विशेष हे की, देशभरातील कॅथलिक जमीनदारांना हुसकावून जेथे आणून बसवायचे ठरले ते ठिकाण कॉनॉटच होते, म्हणजे मूळच्या कॉनॉटच्या जमीनदारांना स्वतःच्याच प्रांतात जमिनीसाठी नव्याने आलेल्यांशी झगडावे लागले. १६६० मध्ये राजेशाही परतल्यावर त्याला काही मालमत्ता मिळाली आणि त्याने पुन्हा वकिली केली. १६६८ मध्ये तो डब्लिनमध्ये वारला आणि गॉलवे परगण्यातील किलकॉनेलच्या फ्रान्सिस्कन मठात त्याला पुरण्यात आले.

त्याचा मुलगा जेम्स याने घराणे पुढे नेले. पण डार्सीच्या नातवंडांच्या पिढीसमोर त्याचा मार्ग उरला नव्हता. १६९१ नंतरच्या कॅथलिकविरोधी दंडविधानांनी कॅथलिकांना वकिली बंद केली. १७०४ च्या कायद्याने कॅथलिकाची जमीन सर्व मुलांत वाटली जावी असे ठरवले, मात्र थोरला मुलगा प्रॉटेस्टंट झाला तर सगळी त्याला मिळावी, अशी मेख मारून ठेवली. म्हणजे गेलिक वाटणीची जी पद्धत शंभर वर्षांपूर्वी न्यायालयांनी रानटी म्हणून मोडली, तिचाच आता कॅथलिक घराणी मोडण्यासाठी हत्यार म्हणून उपयोग झाला. वकिलीची दारे कॅथलिकांसाठी पुन्हा उघडली ती १७९२ मध्ये.

मधल्या काळात कुणी धर्म बदलून जमीन राखली, कुणी देश सोडला. देश सोडलेल्यांपैकी गॉलवेच्या डार्सींतला, त्याच नावाचा पॅट्रिक (१७२५–१७७९) पॅरिसला वाढला, फ्रेंच सैन्यात लढला आणि तेथील विज्ञान अकादमीचा सदस्य झाला. अंधारात निखारा चाकावर फिरवून, तो किती वेगाने फिरला म्हणजे डोळ्याला अखंड वर्तुळ दिसते हे मोजण्याचा त्याचा प्रयोग दृष्टिविज्ञानात प्रसिद्ध आहे. प्रकाशाचा ठसा डोळ्यात सेकंदाच्या सुमारे आठव्या भागाइतका टिकतो, असे त्याला आढळले. मायदेशी राहिलेल्यांपैकी, डार्सींच्या किलटुला शाखेतील जॉन डार्सी याने एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी कॉनेमाराच्या किनाऱ्यावर क्लिफ्डन हे गाव वसवले. १८४५ पासूनच्या आयर्लंडच्या महादुष्काळानंतर, १८५० मध्ये, कर्जात बुडालेली ती जहागीर विकली गेली. गहाणांच्या वाटेने जमीन मिळवलेल्या घराण्याची एक जहागीर अशी कर्जापायी हातची गेली.

प्रश्न : मुलीकडे डब्लिनला जाणार आहोत. डार्सीच्या काळातले काही पाहता येईल का?
(एक ज्येष्ठ दांपत्य, ठाणे)

उत्तर : अवश्य. पोर्टम्नाचा वाडा १८२६ मध्ये आगीत जळाला होता, पण सरकारने त्याची डागडुजी केली असून उन्हाळ्याच्या हंगामात तो पाहता येतो. किलकॉनेलच्या मठाचे अवशेष रस्त्याला लागूनच आहेत आणि तेथील कोरीव थडग्यांसाठी थोडा निवांत वेळ ठेवावा. गॉलवे शहरात सेंट निकलस चर्च आणि लिंच घराण्याचा वाडा पाहावा. वाड्यात आता बँक आहे. सतराव्या शतकाच्या मध्यात तयार झालेला गॉलवेचा भव्य चित्र-नकाशाही प्रसिद्ध आहे. त्याच्या कडेने चौदा कुळांची मानचिन्हे काढली आहेत आणि रस्त्यांवरची घरे एकेक करून मोजता येतील इतका तो बारीक आहे. त्याच्या दोनच मूळ प्रती उरल्या आहेत, एक डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात आणि दुसरी गॉलवेच्या विद्यापीठात. मूळ प्रती नेहमी प्रदर्शनात नसतात, म्हणून जाण्यापूर्वी ग्रंथालयाशी पत्रव्यवहार करावा.